बिनपाण्याचा किल्ला : एडनमधील नित्य जीवन

मराठी माणसाला किल्ल्यांची ओळख करून द्यावयास नको. सह्याद्रीच्या माथ्यावरील टाकीं, बुरूज आणि दरवाजे यांच्या कथा ऐकतच येथील मुलें मोठीं होतात. किल्ला कोठें व कसा बांधावा याविषयीं रामचंद्रपंत अमात्यांनीं आज्ञापत्रांत जे नियम घालून दिले त्यांत पाण्याचा विचार अग्रभागीं आहे. आधीं जागेवर पाणी आहे कीं नाहीं तें पाहावें, नसेल आणि जागा तर सोडतां येत नसेल, तर खडक फोडून टाकीं-तळीं करावीं, आणि एकाच झऱ्यावर विसंबून राहूं नये, असा त्या उपदेशाचा आशय आहे. हा उपदेश जणूं मुद्दाम मोडण्यासाठींच उभारला असावा असा एक किल्ला मुंबईपासून समुद्रमार्गानें सुमारें सोळाशें सागरी मैलांवर आहे. त्याचें नांव एडन. १८३९ पासून १९३२ पर्यंत त्याचा कारभार मुंबई इलाख्यांतून चालला. तेथील पलटणी मुंबईच्या, नाणें हिंदुस्थानचें आणि हिशेबाचे कागदही मुंबईच्याच कचेरीकडे जावयाचे.

एडन कोणीं जिंकलें, तेथें तोफा कोठें मांडल्या, कोणत्या सुलतानाशीं कोणता तह झाला, ही हकीकत इतिहासाच्या पुस्तकांत सांपडते. परंतु ज्या खडकावर गवताची काडी उगवत नाहीं आणि पावसाचा थेंब वर्षवर्ष पडत नाहीं, तेथें हजारों माणसें रोजच्या रोज जगलीं कशीं, सकाळीं घागरींत पाणी कोठून आलें, चुलीवर काय शिजलें, हें त्या पुस्तकांत क्वचितच असतें. आणि तें पाहिल्यावांचून हा किल्ला खरोखर कोणाच्या बळावर उभा होता हें कळत नाहीं.

अरबस्तानच्या दक्षिण किनाऱ्यावर, तांबड्या समुद्राच्या तोंडापासून शंभरएक मैल पूर्वेस, काळ्या-तपकिरी खडकाचा एक प्रचंड डोंगर समुद्रांत घुसलेला आहे. शमसान हें त्याचें नांव आणि उंची सतराशें फुटांहून अधिक. वाळूच्या एका अरुंद पट्टीनें तो मुख्य भूमीशीं जोडलेला आहे. हा डोंगर म्हणजे एक विझलेला ज्वालामुखी. त्याच्या मुखाची कढई एका बाजूस समुद्राकडे फुटलेली असून त्या कढईच्या तळाशीं मूळचें गांव वसलेलें आहे. इंग्रजांनीं त्याला क्रेटर, म्हणजे ज्वालामुखीचें मुख, असेंच नांव दिलें. समोर सीरा नांवाचें खडकाळ बेट पहारेकऱ्यासारखें उभें आहे. जमिनीच्या बाजूनें गांवांत यावयाचें तर डोंगर कापून काढलेल्या खिंडींतून, दरवाज्याखालून यावें लागे. डोंगराच्या पश्चिमेस जहाजांना सुरक्षित असें मोठें बंदर असून त्याच्या कांठीं पुढें स्टीमर पॉइंट आणि मआला हे भाग वाढले. शत्रूला अडविण्यास याहून सोयीची जागा शोधून सांपडणार नाहीं. परंतु वर्षाचा पाऊस सरासरीनें दोन इंचांच्या आसपास, आणि उन्हाळ्यांत खडक दिवसभर तापून रात्रीं ती सारी उष्णता घरांत सोडणार, अशी तेथील स्थिति.

हें बंदर इंग्रजांनीं निर्माण केलें असें मात्र नाहीं. इब्न बतूता हा प्रवासी सुमारें १३३० सालीं तेथें गेला होता. हिंदुस्थानच्या व्यापाऱ्यांचें हें बंदर आहे, असें त्यानें नमूद केलें आहे, आणि जेथून मोठालीं गलबतें एडनला येत त्या बंदरांच्या यादींत खंबायत व कालिकत यांच्याबरोबर आपलें ठाणें आणि गोवें हींही आहेत. त्यानेंच आणखी एक गोष्ट सांगितली आहे. गांवाचें पाणी दूर असून भोंवतालचे अरब तें वारंवार अडवीत, आणि नगरवासीयांकडून पैसा व कापड घेतल्याखेरीज सोडीत नसत. पांचशें वर्षांनंतर आलेल्या इंग्रजांना हीच गोष्ट निराळ्या रीतीनें शिकावी लागली. मधल्या काळांत १५१३ सालीं गोव्याहून निघालेल्या आल्बुकर्कनें एडनवर हल्ला केला, तो तटावरून परतविला गेला. पुढें १५३८ मध्यें तुर्कांनीं तें घेतलें. त्यानंतर व्यापार मोखा बंदराकडे वळला आणि एडनला हळूहळू उतरती कळा लागली.

इंग्रजांची दृष्टि एडनकडे वळली ती आगबोटींमुळें. १८३० च्या मार्च महिन्यांत 'ह्यू लिंडसे' ही आगबोट मुंबईहून सुएझकडे निघाली. ती अकरा दिवसांनीं एडनला पोंचली तेव्हां तिच्यांतील कोळसा संपत आला होता. मुंबई आणि सुएझ यांच्यामध्यें कोळशाचें ठाणें हवें, ही गोष्ट त्या दिवशीं स्पष्ट झाली. पुढें १८३७ मध्यें 'दर्या दौलत' नांवाचें, हजच्या यात्रेकरूंना घेऊन जाणारें एक हिंदी जहाज एडनजवळ फुटलें व त्यांतील उतारूंना किनाऱ्यावर लुबाडण्यांत आलें. इंग्रजांना निमित्त मिळालें. हिंदी आरमारांतील कॅप्टन हेन्स याच्याकडे कामगिरी सोंपविण्यांत आली, आणि १९ जानेवारी १८३९ रोजीं मुंबईहून आलेल्या गोऱ्या व देशी शिपायांनीं एडन घेतलें. त्या वेळीं त्या प्राचीन नगरींत जेमतेम सहाशें माणसें पडक्या घरांतून राहत होतीं. अवघ्या वीस वर्षांत ही संख्या वीस हजारांच्या पुढें गेली. आतां या वीस हजारांची तहान-भूक हा खरा प्रश्न होता, आणि त्याला तोफांकडे उत्तर नव्हतें.

एडनचा दिवस पहांटेपूर्वींच सुरू होई. लहेजच्या हिरव्या खोऱ्यांतून रात्रभर चाललेले उंटांचे तांडे उजाडण्याच्या सुमारास वाळूच्या पट्टीवरील नाक्याशीं येऊन थांबत. नाक्यावर पहारा असे. किल्ल्यांत हत्यार घेऊन कोणास जातां येत नसे. कमरेचा बांकदार जंबिया आणि खांद्यावरची बंदूक तेथें ठेवून मगच उंटवाला पुढें जाई, व परततांना आपली चीज परत घेई. त्या उंटांच्या पाठीवर काय नसे? घोड्यांसाठीं गवत व ज्वारीचा कडबा, चुलींसाठीं जळण, माणसांसाठीं भाजीपाला आणि फळें, यमनच्या पहाडांतली कॉफी, आणि ओल्या फडक्यांत गुंडाळलेली 'कात' नांवाची पानें. आपल्या विड्यांतील काताशीं याचा कांहीं संबंध नाहीं. हीं एका झुडपाचीं कोंवळीं पानें असून दुपारच्या वेळीं तीं चघळीत बसण्याची अरबांची जुनी रीत आहे. तीं ताजींच हवीं असल्यामुळें त्यांचा उंट उशिरां आला तर सारें गांव अस्वस्थ होई. जीं माणसें नाक्यावर निःशस्त्र होऊन आंत येत, त्यांच्याच हातीं किल्ल्याचा त्या दिवसाचा निर्वाह असे.

पाण्याची कहाणी याहून बिकट. क्रेटरमध्यें खडक फोडून खोदलेल्या जुन्या विहिरी होत्या. त्यांतील कित्येकींची खोली शंभर फुटांहून अधिक. दोर ओढतां ओढतां माणसें व जनावरें थकून जात, आणि एवढ्या कष्टानें वर आलेलें पाणी बहुधा मचूळ निघे. थोड्याशा विहिरींचें पाणी पिण्याजोगें होतें, आणि त्यांच्यावरच सर्वांची भिस्त. भिस्ती पाठीवर पखाल घेऊन दारोदार फिरे. नळ सोडतांच पाणी येण्याची संवय झालेल्या शहरांतील कुटुंबाला त्या पखालींतील पाण्याचा मान समजणें कठीण आहे. पिण्याचें पाणी निराळें, भांड्यांचें निराळें, आणि सांडलेलें पाणी म्हणजे सांडलेला पैसा, असा तेथील घरोघरचा हिशेब होता.

याच गांवाच्या वरच्या अंगास, तवीला नांवाच्या घळींत, एक अद्भुत गोष्ट ढिगाऱ्याखालीं दडलेली होती. पूर्वीच्या लोकांनीं डोंगर कोरून एकाखालीं एक अशीं टाकीं केलीं होतीं आणि त्यांना आंतून गुळगुळीत चुन्याचा गिलावा दिला होता. पाऊस आला कीं डोंगरावरचें पाणी पहिल्या टाक्यांत उतरावें, तें भरलें कीं दुसऱ्यांत पडावें, अशी योजना. कित्येक शतकें दुर्लक्ष झाल्यामुळें तीं दगडमातीनें बुजून गेलीं होतीं. १८५६ सालीं प्लेफेअर नांवाच्या अधिकाऱ्यानें त्यांचा गाळ काढण्यास आरंभ केला. एकंदर पन्नासएक टाक्यांपैकीं तेरा दुरुस्त झालीं, आणि त्यांत ७५ लाख गॅलनांहून अधिक पाणी मावेल असा हिशेब निघाला. हाच प्लेफेअर पुढें यमनचा इतिहास लिहिता झाला, आणि तें पुस्तक १८५९ मध्यें मुंबईंत छापलें गेलें. टाकीं पाहण्यास पुढें आगबोटींतले उतारू गाड्या करून येऊं लागले. परंतु तीं भरणार कोण? तीन-तीन वर्षें आकाश कोरडें राही. मग एखाद्या दिवशीं असा पाऊस कोसळे कीं घळींतून लोंढा सुटे, गांवांतील घरें वाहून जात आणि टाकीं कांहीं तासांत भरून जात. त्या दिवशीं लहानथोर सारे टाक्यांकडे धांवत. पूर्वजांच्या शहाणपणाचें कौतुक करावें तेवढें थोडें, परंतु वाढत्या शहराला तें पुरेसें नव्हतें.

म्हणून दुसरे दोन उपाय झाले. लहेजच्या सुलतानाशीं १८६७ मध्यें करार होऊन शेख ओथमान या वाळवंटांतील गांवाच्या विहिरींपासून एडनपर्यंत पाण्याचा पाट बांधण्यांत आला. या पाटानें पाणी आलें, पण तें खारटच. दुसरा उपाय कंडेन्सरचा. समुद्राचें पाणी उकळून त्याची वाफ थंड करावयाची आणि तें गोडें पाणी मापून वांटावयाचें. यांतील गंमत अशी कीं, पाणी उकळण्यास कोळसा लागे आणि तो कोळसा हजारों मैलांवरून, विलायतेहून, जहाजांत भरून आणावा लागे. भोंवतीं समुद्र असून घोटभर पाण्यासाठीं दुसऱ्या खंडांतला खनिज कोळसा जाळावा लागतो, अशी नगरी दुर्मिळच म्हटली पाहिजे.

तेव्हां शेजाऱ्याशीं स्नेह राखणें हें तेथें केवळ राजकारण नव्हतें, तें घरखर्चाचें कलम होतें. जिंकल्यानंतर इंग्रजांनीं लहेजच्या सुलतानाला दरमहा ५४१ रियाल तनखा बांधून दिला. तरीही १८३९ व १८४० या दोन वर्षांत अरबांनीं किल्ला परत घेण्यासाठीं तीनदां हल्ला केला. ते हल्ले तोफांनीं मोडले. परंतु सुलतानाजवळ तोफेहून परिणामकारक असें एक शस्त्र होतें. त्यानें नुसता रस्ता बंद करावा, कीं दुसऱ्या दिवशीं छावणींतील घोडे उपाशी आणि बाजारांतील भाजी महाग. १८५८ च्या मार्चमध्यें अशाच भांडणांतून इंग्रजांना शेख ओथमानवर चाल करून जावें लागलें. पुढें १८८२ सालीं तो भागच त्यांनीं विकत घेतला. इब्न बतूतानें सांगितलेली पाण्याची खंडणी जुनीच, ती वसूल करण्याची रीत तेवढी बदलली होती.

जमिनीवरून गवत व भाजी येई, तर मांस आणि धान्य समुद्रावरून. आखाताच्या पलीकडे सोमाली किनारा आहे. तेथील बर्बेरा बंदरांत थंडीच्या महिन्यांत मोठी जत्रा भरे, आणि काळ्या डोक्यांचीं पांढरीं मेंढरें, तूप, कातडीं व डिंक भरून गलबतें एडनला येत. नैर्ऋत्येचे वारे जोराचे झाले कीं हा मार्ग अडे, व त्याचा परिणाम ताटांत दिसे. तांदूळ, गहूं, डाळ, मसाले व कापड हिंदुस्थानांतून यावयाचें. १८५० मध्यें एडनला जकातमुक्त बंदर केल्यापासून मोख्याचा कॉफीचा व्यापारही तेथें ओढला गेला. क्रेटरमधील वखारींत बायका कॉफीचे दाणे निवडीत बसत, व त्या वासानें गल्ल्या भरून जात. १८८० सालीं अशाच एका फ्रेंच व्यापाऱ्याच्या वखारींत, कविता लिहिणें कायमचें सोडून दिलेला आर्त्युर रँबो हा तरुण नोकरीस होता. घरीं पाठविलेल्या पत्रांतून त्यानें तेथील उकाड्याविषयीं आणि उजाडपणाविषयीं पुष्कळ तक्रार केली आहे.

१८६९ मध्यें सुएझचा कालवा खुला झाला आणि किल्ल्याच्या पश्चिम बाजूचें रूप पालटलें. युरोप आणि आशिया यांच्यामध्यें जा-ये करणाऱ्या आगबोटी स्टीमर पॉइंटसमोर नांगर टाकूं लागल्या. पुढील वर्षीं समुद्रांतील तारही आली आणि सुएझ, एडन व मुंबई हीं तीन ठिकाणें एका दोरींत ओंवलीं गेलीं. जहाज दिसलें कीं किनाऱ्यावर गडबड उडे. कोळशाचे पडाव जहाजाला जाऊन भिडत. यमनच्या डोंगरांतून पोट भरण्यासाठीं आलेले अरब आणि समुद्रापलीकडून आलेले सोमाली पाठीवर पोतीं घेऊन फळीवरून वर चढत. अंगाला घाम, घामावर कोळशाची भुकटी, आणि तोंडानें एका सुरांत गाणें. वेळ दिवसाची कीं रात्रीची हा प्रश्न नसे, कारण जहाज थांबलें तर मालकाचे पैसे जात. या मजुरांच्या टोळ्यांवर एक नाईक असे, तोच कामावर घेई आणि तोच मजुरी वांटी. त्याला तेथें 'मुकद्दम' म्हणत. मुंबईच्या गोदीवरील मुकादम हा त्याचाच भाऊ, शब्दानेंही आणि अधिकारानेंही. जहाजावरील उतारू कठड्याशीं उभे राहून पाण्यांत नाणीं फेंकीत, आणि सोमाली मुलें सूर मारून तीं दांतांत धरून वर येत. शहामृगाच्या पिसांचे विक्रेते होड्यांतून ओरडत. चार तासांनीं जहाज निघून जाई, आणि त्यांतील प्रवाशाच्या रोजनिशींत एडनविषयीं दोन ओळी राहत. त्या चार तासांचा कोळसा ज्यानें वाहिला त्याची रोजनिशी कोणीं लिहिलेली नाहीं.

वस्तीही नाना तऱ्हेची. मूळचे अरब, सोमाली आणि शतकानुशतकें तेथें राहणारे यहुदी, ज्यांच्या हातीं कारागिरी आणि पिसांचा व्यापार होता. गुजराती वाणी पेढ्या चालवीत, त्यांनीं आपलीं देवळें बांधलीं. बोहरी आणि खोजे दुकानदारी करीत. पारशांत कावसजी दिनशा यांचें घराणें सर्वांत पुढें. कावसजी तरुणपणीं एडनला गेले, आणि १८५४ मध्यें स्थापन झालेल्या त्यांच्या पेढीचीं जहाजें पुढें आफ्रिकेच्या किनाऱ्यानें फिरूं लागलीं. 'एडनवाला' हें त्यांचें आडनांवच होऊन बसलें. १८८३ मध्यें या घराण्यानें तेथें अग्यारी बांधून पवित्र अग्नीची प्रतिष्ठा केली. मराठी बोलहि त्या खडकावर ऐकूं येत असे. मुंबईच्या पलटणींतील दक्षिणी व कोंकणी शिपाई, आणि कोंकणांतून कारकुनी व सैन्याच्या नोकरीसाठीं गेलेले बेने इस्राएल हीं सारीं मराठीच माणसें. दर वर्षीं ऐदरूस या संताच्या मशिदीपाशीं उरूस भरे, तेव्हां नगरींतील बहुतेक जाती त्या गर्दींत दिसत. बाजाराची बोली अरबी खरी, परंतु तिच्यांत हिंदुस्थानी शब्द इतके मिसळले कीं धोब्याला 'दोबी', पंख्याला 'बंका' आणि लोणच्याला, म्हणजे आचाराला, 'अशार' हे शब्द एडनच्या अरबी बायकांच्या तोंडीं रुळले.

छावणींतील आयुष्य कंटाळवाणें होतें. गोऱ्या अधिकाऱ्यांना एडनची नेमणूक म्हणजे शिक्षा वाटे. दुपारीं दारें लावून पंख्याखालीं पडून राहावें, उन्हें उतरलीं कीं कवाईत करावी, आणि पुढच्या टपालाची वाट पाहावी. देशी शिपायाला पंखा नव्हता. त्याला रखरखीत खडकावर पहारा होता आणि घरच्या पत्राला आठवड्यांचा विलंब होता. १८६७ सालीं 'एडन ट्रूप' नांवाचें हिंदी सवारांचें लहानसें पथक उभें करण्यांत आलें. त्याचे घोडेस्वार व उंटस्वार वाळवंटांतील रस्ते राखीत, म्हणजे प्रत्यक्षांत गवत, भाजी आणि पाणी यांचीच राखण करीत.

या किल्ल्याचा आणि मुंबई-पुण्याचा संबंध दोन माणसांच्या नशिबांत विलक्षण रीतीनें गुंतला आहे. पहिला माणूस कॅप्टन हेन्स. ज्यानें एडन घेतलें आणि पंधरा वर्षें एकट्याच्या जोरावर उभें केलें, त्याला कारकून पुरेसे नव्हते, आणि खजिन्याचा हिशेब जुळेना. १८५४ मध्यें त्याला मुंबईस बोलावून त्याच्यावर अफरातफरीचा खटला झाला. पंचांनीं त्याला दोषमुक्त ठरविलें. तरीही सरकारी येणें म्हणून त्याला सहा वर्षें मुंबईच्या तुरुंगांत ठेवण्यांत आलें. १८६० सालीं नव्या गव्हर्नरानें त्याला मोकळें केलें, आणि स्वदेशीं जाणाऱ्या जहाजावर, मुंबईचें बंदर सुटण्यापूर्वींच, त्याचा अंत झाला. दुसरा माणूस वासुदेव बळवंत फडके. पनवेलजवळच्या शिरढोणांत १८४५ सालीं जन्मलेल्या, आणि इंग्रजी सत्तेविरुद्ध सशस्त्र बंड उभारणाऱ्या या पुरुषाला जन्मठेपेची शिक्षा होऊन १८८० मध्यें एडनच्या तुरुंगांत नेण्यांत आलें. एकदां कोठडीचें दारच उखडून ते निसटले. पण बाहेर होतें काय? एका बाजूस समुद्र, दुसऱ्या बाजूस निर्जळ वाळू, आणि जिकडे तिकडे अनोळखी भाषा. थोड्याच अवधींत ते पकडले गेले. १७ फेब्रुवारी १८८३ रोजीं त्यांनीं तेथेंच देह ठेवला. जी तहान किल्लेदाराला रोज छळीत होती, तीच कैद्याच्या वाटेवर पहारा करीत होती.

या साऱ्या व्यवस्थेची कसोटी १९१५ सालीं लागली. पहिल्या महायुद्धांत तुर्की सेनापति सईद पाशा यमनमधून खालीं उतरला. जुलैच्या आरंभीं लहेज वांचविण्यासाठीं इंग्रजांनीं एडनहून फौज पाठविली. ऐन उन्हाळा, पायाखालीं वाळू. गोरे सैनिक उष्माघातानें रस्त्यांतच कोसळले. भाड्याचे उंटवाले रात्रींतून आपले उंट घेऊन निघून गेले, आणि त्यांच्याबरोबर पाणी व दारूगोळाही गेला. गोंधळांत लहेजचा सुलतान इंग्रजांच्याच गोळीनें चुकून मारला गेला. फौज परत फिरली, आणि तुर्कांनीं शेख ओथमान घेतलें. शमसानवरच्या तोफा जागच्या जागीं होत्या, बंदरांत आरमार होतें, तटाचा एक दगडही हलला नव्हता. तरी एडनची मान शत्रूच्या हातीं सांपडली होती, कारण विहिरी त्याच्याकडे गेल्या होत्या. शहर कंडेन्सरच्या पाण्यावर कसेंबसें तगलें. सुएझहून नवी ब्रिगेड आली आणि २१ जुलैला शेख ओथमान परत घेतलें, तेव्हां कोठें नगरींत जीव आला. लहेजमध्यें मात्र तुर्क १९१८ च्या तहकुबीपर्यंत ठाण मांडून राहिले.

पुढची हकीकत थोडक्यांत सांगतां येते. १९३२ मध्यें एडन मुंबई इलाख्यांतून काढून हिंदुस्थान सरकारच्या प्रत्यक्ष ताब्यांत गेलें, आणि १ एप्रिल १९३७ पासून हिंदुस्थानापासून वेगळें होऊन ब्रिटिश राजाची वसाहत बनलें. हिंदी तिकिटें त्याच वेळीं गेलीं, पण रुपया १९५१ पर्यंत चालला. १९४७ च्या दंग्यानंतर शेंकडों वर्षांची यहुदी वस्ती पाहतां पाहतां निघून गेली. ३० नोव्हेंबर १९६७ रोजीं इंग्रजांनींही एडन सोडलें. पाठोपाठ हिंदी व्यापाऱ्यांच्या पेढ्या आटोपल्या. १९७६ सालीं कावसजींच्या घराण्यानें स्थापिलेला अग्यारींतील अग्नि खास विमानानें हिंदुस्थानांत आणण्यांत आला, आणि लोणावळ्यास त्याची पुनः स्थापना झाली. २०१५ मध्यें त्या शहरांत पुनः युद्ध पेटलें. क्रेटरच्या लोकांना पाण्यासाठीं वणवण करावी लागली, आणि अडकलेल्या हिंदी लोकांना सोडविण्यास जीं आपलीं युद्धजहाजें गेलीं त्यांत एकाचें नांव 'मुंबई' होतें.

एडनचे तट व बुरूज पाहून तो अजिंक्य असल्याचें मत अनेक सेनाधिकाऱ्यांनीं दिलें असेल. त्यांच्या दृष्टीनें तें बरोबरही होतें. परंतु तो किल्ला एक दिवस तरी स्वतःच्या बळावर जगला असेल असें त्याच्या इतिहासावरून दिसत नाहीं. लहेजच्या शेतकऱ्यानें कडबा कापला, बर्बेऱ्याच्या धनगरानें मेंढरें हांकलीं, यमनी मजुरानें कोळसा वाहिला, भिस्त्यानें पखाल उचलली, म्हणून त्यावरचें निशाण फडकत राहिलें. त्यांतील बहुतेकांना निशाण कोणाचें आहे याची फारशी पर्वा नव्हती. दिवस मावळला कीं उंटवाला नाक्यावर येई, आपला जंबिया मागून घेई, कमरेला लावी, आणि लहेजच्या वाटेला लागे. दुसऱ्या दिवशीं पहांटे तो पुनः येईल, एवढ्या भरंवशावर किल्ल्यांतले दिवे मालविले जात.